दहा वाजून दहा मिनिटं

मनहरशेठच्या मोरबीतल्या कारखान्यातून बाहेर पडणारं प्रत्येक घड्याळ दहा वाजून दहा मिनिटांवर असतं. खोक्यात घालण्याआधी काटे तिथे आणून सोडायचे, म्हणजे दुकानात तबकडी हसरी दिसते. लाभुबेन बावीस वर्षं हेच करत होती. तिच्या बोटांना आता डोळ्यांची गरज उरली नव्हती. शेजारच्या स्टुलावर रंभा, तीही बावीस वर्षांपासूनची. एकीचा रोटला आणि दुसरीची छास, असं दोघींचं जेवण.

त्या दिवशी साडेनऊला, दिल्लीच्या व्यापाऱ्याला दाखवायचं नमुन्याचं घड्याळ लाभूच्या हातून निसटलं. काचेचा चुरा झाला. शेठ धावत आले.

"कोणी पाडलं?"

"रंभाच्या हातून सुटलं," लाभू म्हणाली.

का म्हणाली? पुढच्या महिन्यात तिला देखरेखीची जागा मिळणार होती, हे एक कारण. पण कारण सापडलं म्हणून लाज थोडीच कमी होते? शेठनी चाळीस बायकांसमोर रंभाची सालटी काढली. "डोळे घरी ठेवून येतेस का गं?" रंभानं एकदाच लाभूकडे पाहिलं. मग तोंडाला पदर लावून ती बाहेर फाटकाकडे निघून गेली.

तासाभरानं ती परत आली आणि एक वाजताच्या सुट्टीत थेट लाभूसमोर उभी राहिली. डोळे सुजलेले, पण चेहरा निराळाच. "लाभू, थांब जरा, तुला सांगायचंय..."

आता ही आपली चामडी लोळवणार, असं वाटून लाभूनं पळ काढला. ती शिरली थेट भंगाराच्या खोलीत.

तिथे जुन्या गोणपाटात नरभेरामकाकांचं घड्याळ होतं. काका कारखान्यातले जुने कारागीर. गेल्या दिवाळीत वारले, त्याआधी त्यांनी ते लाभूला दाखवलं होतं. "काटे उलटे फिरव, बेटा. जिथे सोडशील तिथे दिवस मागे जाईल. बारा तासांच्या पलीकडे नाही. फिरवणाऱ्याला सगळं आठवतं, बाकी कुणाला काही नाही. घड्याळ मात्र स्वतः मागे जात नाही, त्याची स्प्रिंग झिजत राहते. आता दोन खेपांपुरताच जीव उरलाय तिच्यात. मी एकदा पोराला मारलेली थप्पड परत घेतली. पोरगा विसरला, पण माझा हात विसरला नाही. आणि एक ध्यानात ठेव. बिघडलेलं पुसताना जुळलेलंही पुसलं जातं."

लाभूनं शेवटचं वाक्य ऐकून सोडून दिलं होतं. श्वास रोखून, काट्यांवर नजर खिळवून तिनं सव्वानऊ गाठले आणि बोटं सोडली.

या खेपेला तिनं नमुन्याचं घड्याळ दोन्ही हातांनी छातीशी धरून नेलं. व्यापारी खूश, शेठ खूश.

"काय गं, नवऱ्यालाही कधी इतकं जपलं नाहीस!" रंभा हसून म्हणाली.

माफी मागावी तर कशाची? जे घडलंच नव्हतं त्याची? समोरची बाई हसत होती, आणि लाभूला तिच्याकडे मान वर करून बघवत नव्हतं.

एक वाजता लाभू हात धुवायला नळावर गेली, तेव्हा पहारेकरी जुसबभाईनं तिला हाक मारली. "लाभुबेन, रंभाबेनची जल्पा आली होती. पावणेदहाला. कडेवर पोर होतं. आत सांगतो म्हटलं तर नको म्हणाली. आई आपल्या पायानं बाहेर आली तरच भेटेन, नाहीतर नाही. दहापर्यंत उभी राहिली बिचारी. अकराच्या सुरतच्या बसनं जाणार म्हणाली."

जल्पा चार वर्षांपूर्वी जातीबाहेर लग्न करून गेली होती. तेव्हापासून रंभानं तिचं नाव काढलं नव्हतं. सकाळी, त्या पुसलेल्या सकाळी, रंभा रडत फाटकाशी गेली होती आणि तिला लेक भेटली होती. तेच सांगायला ती आली होती. आणि आपण आपलं तोंड लपवण्यासाठी तिची लेक पुसून टाकली.

ती भंगाराच्या खोलीकडे धावली. साडेनऊ गाठायचे होते. डोळ्यांतलं पाणी थांबेना, काटे दिसेनात. बोटं फिरवत राहिली, बारा, अकरा... आणि बावीस वर्षं जिथे थांबली तिथेच सवयीनं थांबली. सुटली. स्प्रिंग आतल्या आत तुटल्याचा आवाज आला.

लाभू आपल्या स्टुलावर होती. भिंतीवर दहा वाजून दहा मिनिटं.

ती फाटकाकडे पळाली. "दहाच मिनिटं झाली, जल्पा रिक्षानं गेली," जुसबभाई म्हणाला.

ती परतली आणि तिनं रंभाचा हात धरला. "ऊठ. जल्पा आलीय. बसस्टँडवर आहे, अकराच्या आत जा."

रंभाचा चेहरा दगडासारखा झाला. "घराचं दार ठाऊक नाही तिला? मी नाही जात. आणि तू कशाला नाक खुपसतेस?"

"तू भेटली होतीस तिला. रडून आलीस, पण तोंडावर उजेड होता तुझ्या."

"डोकं फिरलंय का तुझं?"

मग लाभूनं सगळं सांगितलं. घड्याळ, काका, साडेनऊ. "माझ्या हातून पडलं आणि मी तुझं नाव सांगितलं, रंभा. चाळीस जणींसमोर तुला बोलणी खावी लागली. म्हणून तू बाहेर गेलीस, म्हणून भेटलीस. मी ते सगळं पुसलं. मला लाज वाटते गं."

शेजारच्या बायकांचे हात थांबले होते.

"काळ मागे नेणारं घड्याळ वगैरे मला पटत नाही," रंभा म्हणाली. "पण माझं नाव सांगितलंस, हे पटतं. तू सांगितलं असशील." ती उठली, चपला पायांत सरकवल्या आणि निघाली.

"रंभा कुठे गेली?" शेठनी विचारलं.

"मी पाठवलं. काय बोलायचं ते मला बोला," लाभू म्हणाली. शेठ बोलले, भरपूर बोलले. देखरेखीची जागाही त्यात गेली.

दुसऱ्या दिवशी रंभा पेढे घेऊन आली.

"भेटली?" लाभूनं विचारलं.

"बस सुटता सुटता. नात माझ्यावर गेलीय."

रंभानं एकेकीच्या तळहातावर पेढा ठेवला. लाभूचा तिनं टेबलाच्या कडेला ठेवला, आपलं स्टूल उचललं आणि ती खिडकीकडच्या रांगेत जाऊन बसली. लाभूनं पुढे केलेला हात थोडा वेळ तसाच राहिला, मग तिनं तो मागे घेतला.