पेटीतला कापसाचा बोळा

मी फणेरपेटी बोलतेय. हसू नका. आजकालच्या मुलींना मी माहीत नसते, हे मला ठाऊक आहे. झाकणाच्या आत आरसा, वर फणी, कुंकू आणि मेण यांचे तीन छोटे खण आणि खाली एक मोठा खण, एवढाच माझा संसार. झाकण लागलं की मला डुलकी लागते आणि आरशात पाहिलेले सगळे चेहरे स्वप्नात परत येतात. त्यामुळे सांगता सांगता चाळीस वर्षांपूर्वीचं आणि परवाचं एकात एक मिसळलं, तर सांभाळून घ्या.

माझा जन्म मानवतचा. बाजारातल्या एका सुताराने मला शिसवीच्या लाकडातून घडवलं आणि आरसा बसवून झाल्यावर आधी स्वतःच्या मिशा त्यात बघून घेतल्या. माझ्या आयुष्यातलं ते पहिलं तोंड. पुढे गौराबाईंच्या लग्नात मी त्यांच्याबरोबर झरीला आले, चंद्रप्पांच्या घरी. गौराबाई तेव्हा सतरा वर्षांच्या. सकाळी लिंगपूजा झाली की माझ्यापुढे बसायच्या आणि कोणी नाही असं बघून आरशाला जीभ काढून दाखवायच्या. आज त्यांना हे सांगितलं तर मला चुलीत घालतील!

आमच्या घरची रीत अशी की पेटी आईकडून लेकीला जायची. पण गौराबाईंना आधी लेक झाला, शिवकांत, आणि मुलगी बऱ्याच वर्षांनी, शिवरंजनी. ती लहान होती तेव्हाच शिवकांतचं लग्न झालं. म्हणून मी सुनेच्या हाती गेले. रंजूचं लग्न ठरलं की परत द्यायची, असं बोलून. सुनेचं नाव महेश्वरी. तिचे केस एवढे दाट की माझ्या फणीचे दोन दात पहिल्याच महिन्यात गेले. मला राग यायला हवा होता, पण नाही आला. पोर गोड होती.

शिवकांत कापसाची ट्रक चालवायचा. मानवतहून माल भरायचा आणि आठ-आठ दिवस बाहेर. मग तो बारीक होत गेला. ताप, खोकला, जुलाब. परभणी झाली, नांदेड झालं, सगळं घर त्याच्या उशाशी. एक दिवस चंद्रप्पा आणि गौराबाई दवाखान्यातून आले आणि माझ्याच खोलीत दार लोटून बसले.

"एचआयव्ही म्हणला डॉक्टर," चंद्रप्पा म्हणाले. "सुनेलाबी तपासायला आणा म्हणलाय."

"हळू बोला की! तिला कळलं तर माहेरी जाईल. मग लेकाचं कोण करंल?"

गौराबाईंचं हे बोलणं मी ऐकलं. झाकण उघडं होतं, त्यांचा चेहरा माझ्या आरशात होता. घाबरलेल्या आईचा चेहरा होता तो, दुष्ट बाईचा नव्हता. पण त्या दिवशी त्यांनी केलं ते वाईटच केलं. महेश्वरीला सांगितलं, छातीचा आजार आहे. आणि ती दीड वर्ष त्याचं सगळं करत राहिली. त्याच्या उष्ट्या ताटात जेवली. त्याचं ताट कोणी वेगळं केलं नव्हतं, तो घरचा लेक होता ना.

शिवकांत गेला. महेश्वरीने कुंकवाचा खण पुसून ठेवला, आणि मला वाटलं, संपलं आता आपलं. पण तिने मोठ्या खणात विभूतीच्या गोळ्यांची पुरचुंडी ठेवली आणि मला पूजेच्या कोपऱ्यात नेलं. आणि आठ-नऊ महिन्यांनी एक दिवस त्या पुरचुंडीशेजारी एक पांढरी बाटली आली.

तिलाही ताप येऊ लागला होता. "मानवतला बहिणीकडं जाऊन येते" असं सांगून ती एकटी परभणीला गेली, तपासून आली आणि माझं झाकण उघडून कितीतरी वेळ नुसती बघत बसली. ती रडली नाही. मीच धूसर झाले, तिच्या श्वासाने.

मग तिची दर महिन्याची फेरी सुरू झाली. परभणीहून बाटली आणायची. बसस्टँडवरच नखाने तिच्यावरचा कागद खरवडून काढायचा. घरी आली की आपल्याच शेतातल्या कापसाचा बोळा करून बाटलीत दाबायचा, का, तर गोळ्या वाजू नयेत. गोळी रोज सकाळी पूजेच्या वेळी. आमच्यात पूजेला बसलेल्या माणसाशी कोणी बोलत नाही, त्याच्या पेटीला कोणी हात लावत नाही. लिंग डाव्या तळहातावर, कपाळावर विभूतीचे पट्टे, मोबाईलचा गजर हळूच वाजला की तीर्थाच्या घोटाबरोबर गोळी गिळायची आणि डोळे मिटायचे. बाहेरून बघणाऱ्याला वाटावं, किती भक्ती! भक्ती होतीच हो. जगण्याचीसुद्धा भक्तीच असते.

पाच वर्षं असंच चाललं. महेश्वरीचे गाल भरून आले, केसही दाट झाले. पण तिला हसताना मी एकदाच पाहिलं, तेही फोनवर, राजनंदिनीशी बोलताना.

ही राजनंदिनी तिला दवाखान्याच्या रांगेत भेटलेली. तिची कथा ऐकून माझा आरसा तडकायचा राहिला. नवरा-बायको दोघांना एकच आजार, तोही नवऱ्याकडूनच आलेला. सासरच्यांनी त्याला घरात ठेवलं, त्याचं दुसरं लग्नही लावायला निघाले. हिला मात्र एक ताट, एक गिलास देऊन गोठ्याकडं काढलं. बाई खमकी निघाली. बाहेर पडली, आता अशाच बायकांच्या मदतीचं काम करते.

ती एकदा मोठ्या शहरात बैठकीला जाऊन आली. तिथे पडद्यावर देशोदेशीच्या बायका बोलल्या होत्या. महेश्वरीने पूजेच्या कोपऱ्यात फोन कानाला लावला होता आणि पलीकडचं सगळं मला ऐकू येत होतं.

"आगं, आफ्रिकेतली एकजण सांगायली, मी गोळ्या मक्याच्या पिठात लपिवते. दुसरीचा नवरा बाटलीच फेकून देतो म्हणं, आन् स्वतःच्या गोळ्या घेतो तिच्याच हातनं! आन् एक लांबच्या थंड मुलखातली. ती काय म्हणावी? माझी बाटली न्हाणीघरात दात घासायच्या ब्रशाजवळ आसती, विसरले तर नवरा आठवण करतो."

"उघड्यावर?" महेश्वरीने विचारलं.

"उघड्यावर. गोळी तीच बाई, पर तिला लपवायचं काम न्हाई."

त्या दिवसापासून मला एकच स्वप्न पडू लागलं. मी भिंतीतल्या देवळीत उघडी उभी आहे, आरशात ऊन पडलंय, बाटली फणीशेजारी आहे, आणि घरातलं कोणीतरी विचारतंय, घेतली का गं? स्वप्नात मक्याचं पीठ असायचं, आमच्या शेतातला कापूसही असायचा, आणि बायका एकमेकींचे केस विंचरत बसलेल्या असायच्या. जाग आली की अंधार आणि कापसाचा बोळा.

मग रंजूचं लग्न ठरलं. साखरपुड्याला मानवतहून पाहुणे आले, स्वामी आले. महेश्वरी, विधवा म्हणून, आपणहून चुलीशी थांबली होती, हुग्गीचं, म्हणजे गव्हाच्या खिरीचं, पातेलं ढवळत. आणि ऐन वेळी ताटातल्या विभूतीवर कोणाच्या तरी तांब्यातलं पाणी सांडलं. विभूतीशिवाय पुढचं काही होत नाही. चंद्रप्पा म्हणाले, "सूनबाईच्या पेटीत आसती की!" आणि लगबगीने आत आले. चांगला माणूस. दुसऱ्याच्या पूजेच्या सामानात बोटं घालू नयेत म्हणून त्यांनी काही शोधलं नाही. अख्खी मलाच उचललं, कपाळाला लावलं आणि भरल्या बैठकीत गौराबाईंपुढे नेऊन ठेवलं.

"अवो, थांबा!" असं मला ओरडायचं होतं. पण लाकडाला कुठून आवाज?

गौराबाईंनी झाकण उघडलं. पुरचुंडीशेजारी बाटली. कागद खरवडलेला होता, पण त्या बाटलीला त्यांनी ओळखलं. तशीच बाटली लेकाच्या उशाशी पाहिली होती. आरशात त्यांचा चेहरा पांढरा पडला. मग त्यांनी विभूतीची एक गोळी उचलली, झाकण खाडकन लावलं आणि हसून म्हणाल्या, "घ्या स्वामी." पाहुण्यांना काही कळलं नाही. साखरपुडा झाला आणि मी गेले लोखंडी ट्रंकेत. कुलूप लागलं, किल्ली गौराबाईंच्या कमरेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी ट्रंकेतूनही मला गजर ऐकू आला. तो वाजत राहिला, मग बंद झाला.

"आत्या, माझी पेटी बघितली का?"

"आसंल कुटंतरी. पाहुण्याच्या गडबडीत."

तेवढंच. पाच वर्षांत एकही दिवस न चुकलेली गोळी त्या सकाळी चुकली. महेश्वरी मागू शकत नव्हती, कारण मागितलं की सांगावं लागणार. आणि सांगितलं तर? रंजूचं लग्न मोडणार आणि हिच्या हातात एक ताट, एक गिलास येणार. माहेरी, भावाच्या घरी, जागा नव्हती. मला ट्रंकेत जीव नकोसा झाला. गोळ्या माझ्या पोटात आणि पोर बाहेर उपाशी!

दुपारी किल्ली फिरली. गौराबाईंनी मला बाहेर काढलं आणि सरळ महेश्वरीपुढे येऊन बसल्या. ती गहू निवडत होती. मला पाहिलं आणि तिचे हात सुपातच राहिले.

"ही कवापासून?"

"पाच वर्षं झाली, आत्या."

"मला कामून सांगितलं न्हाईस?"

महेश्वरीने मान वर केली. "तुमी मला सांगितलं होतं का? परभणीच्या डॉक्टरीणबाई म्हणल्या, तुमच्या मालकाच्या येळंलाच तुमाला बोलवलं होतं. कोणी आणलं न्हाई."

दारात शेजारची कोंबडी आली, तिला कोणी हाकललं नाही.

"मी जाते," महेश्वरी म्हणाली. "रंजूचं लगीन होईस्तवर राजनंदिनीकडं राहते. कोणाला कळायचं न्हाई."

गौराबाईंनी बाटलीचं झाकण काढलं. बोळा दिसला. "ह्यो कापूस कशाला?"

"वाजू नये म्हणून."

मी त्या म्हातारीला चाळीस वर्षं ओळखते. लेक गेला तेव्हाही ती एवढी रडली नव्हती. तोंडाला पदर लावून हुंदके देत होती आणि एका हाताने तो बोळा उपसत होती. "चुकलं माझं. लेकासाठी तुला अंधारात ठिवलं. आता कुटं जायचं न्हाई तुला. घे, आदी गोळी घे." स्वतः उठून पाणी आणलं. त्याच तांब्यातलं उरलेलं पाणी स्वतः प्यायल्या, महेश्वरीच्या डोळ्यादेखत.

वाटलं, आता झालं. पण चार दिवसांनी लग्नाचा बस्ता होता. नवऱ्या मुलाची मोठी बहीण, रोहिणीताई, परभणीला कपडे घ्यायला जाताना सकाळीच झरीला उतरल्या. शेजारच्या तानुबाईही आल्या होत्या. महेश्वरीने हुग्गीच्या वाट्या भरून दिल्या. तेवढ्यात गजर झाला. महेश्वरी जागीच थिजली. गौराबाई उठल्या, देवळीतून मला उचललं, आणि मी वाजले! खुळखुळ, खुळखुळ. माझ्या जन्मात मी असा आवाज केला नव्हता.

"काय वाजायलंय पेटीत?" रोहिणीताईंनी विचारलं.

खोटं बोलायला जागा होती. ताप, बीपी, काहीही सांगता आलं असतं. गौराबाईंनी सुनेकडे बघितलं. महेश्वरीने डोळे मिटले, पूजेत मिटायची तसे, आणि हळूच मान हलवली. हो म्हणाली ती.

"गोळ्या हायत सुनंच्या," गौराबाई म्हणाल्या. "एचआयव्हीच्या. माझ्या लेकाला होता, त्याच्याकडनं हिला आला. हिचा काई गुन्हा न्हाई. रोज गोळी घेते, ठणठणीत हाय. खाल्ल्यापिल्ल्यानं काई होत न्हाई. ती हुग्गी तिच्याच हातची हाय, ताई. सोयरीक ठिवायची का मोडायची, तुमी ठरवा. पर सुनंला मी घराबाहेर काढायची न्हाई."

तानुबाई वाटी न उष्टावता उठल्या आणि चालत्या झाल्या. रोहिणीताईंच्या हातात वाटी तशीच. मग त्यांनी ती खाली ठेवली. माझा तर जीवच उडाला. रंजू दारामागे ओढणी चावत उभी होती.

"वहिनी," रोहिणीताई महेश्वरीला म्हणाल्या, "जरा तूप वाढा की. कोरडी लागायली."

महेश्वरीने एवढं तूप वाढलं की वाटीतून ओघळून पाटावर आलं.

रंजूचं लग्न झालं. रीतीप्रमाणे मी तिच्याबरोबर जायची होते. ती म्हणाली, "वहिनीकडंच राहू द्या." तानुबाई अजून आमच्याकडे पाणी पीत नाहीत, आणखी दोन घरं येईनाशी झाली. झरी बदलली, असं मी म्हणणार नाही. पण मी देवळीत असते, उघडी. नवी बाटली आली ती कागदासकट आली.

आता मी म्हातारी झाले. आरशाच्या कडा काळ्या पडल्या, एक बिजागरी सैल झाली. तुमच्याकडे मागणं एवढंच, तुमच्या घरातल्या बाईची बंद पेटी दिसली तर उचकू नका. तिला स्वतःहून उघडता येईल, असं घर ठेवा. अजूनही मला स्वप्न पडतं, पिठाच्या डब्यात हात घालून गोळी शोधणाऱ्या त्या लांबच्या बाईचं. तिच्याही घरात कोणीतरी तांब्या घेऊन उठावं.

बरं, गजर झाला. चुलीजवळून गौराबाई ओरडायला लागल्या, "महेश्वरी, घेतलीस का गं?"