थंड ट्रेवर भुरभुरलेला मैदा

मी स्कोन भाजायचा ट्रे बोलतोय. कालपर्यंत माझ्या अंगाला जुन्या लोण्याचा खवट वास मारत होता. कोपऱ्यात झुरळाचा एक पाय महिनाभर चिकटून होता. आठवलं तरी शिसारी येते. पण सुरुवातीपासून सांगतो.

मी जाड लोखंडी पत्र्याचा. नवं लग्न झालेल्या एका बाईनं मला घरी आणलं आणि पहिल्याच आठवड्यात तिच्या हातून मी फरशीवर आपटलो. डाव्या कोपऱ्याजवळ पोचा आला. ती हळहळली, पण तिनं मला टाकलं नाही.

ती रायच्या पिठाचे स्कोन करायची. राय हे गव्हाच्याच नात्यातलं धान्य, पण पीठ करडं आणि चिकट. स्कोन म्हणजे धड पाव नाही, धड बिस्किट नाही. थंड लोणी बोटांच्या टोकांनी पिठात चोळायचं, आंबट ताक घालायचं आणि जेमतेम गोळा करायचा. "फार मळलं की दगड होतो," ती म्हणायची. मग माझ्या अंगावर रायचंच पीठ भुरभुरून, पेल्यानं कापलेले बारा गोळे मांडायची. त्यातला एक नेमका माझ्या पोच्यावर यायचा आणि त्याच्या बुडाला खळी पडायची.

तो टपालवाल्याचा. घराच्या पुढच्या खोलीतच तिचं दुकान होतं. तो दारातूनच ओरडायचा, "मावशी, खळीवाला ठेवलाय ना?"

"ठेवलाय. आधी टपाल दे, मग खा."

वर्षं गेली. तिचे हात थरथरायला लागले. मुलाची नोकरी सुटली होती, तो म्हणाला, "आई, दुकान आता मी बघतो. तू आराम कर." मला बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी त्यानं कारखान्यातले स्कोन आणले. प्लास्टिकच्या डब्यातले, रंग घालून तपकिरी केलेले, बोटाला चिकटणारे. मला चमक यावी म्हणून माझ्या अंगाला लोणी फासलं, त्यावर ते मांडले आणि वरून मैदा भुरभुरला. शी! रायच्या स्कोनवर पांढराफेक मैदा! ओव्हनचं तोंडसुद्धा मला दिसलं नाही. रोज लोण्यावर लोणी, मैद्यावर मैदा. धुणं नाही, घासणं नाही. मुंग्या आल्या, मग झुरळं.

माझं एक वेळ सोडा. त्यानं आईला ॲप्रन बांधून माझ्याशेजारी स्टुलावर बसवलं आणि तिच्या हातांवरही मैदा टाकला.

"अरे, मी काही केलंच नाही," ती म्हणाली.

"गिऱ्हाइकाला कुठे माहितीय? हात पुसू नकोस, नुसती हस. आणि तोंड उघडलंस तर दुकान बसलंच म्हणून समज."

वर पाटी लागली: 'आईच्या हातचे'. लोक खायचे, माना डोलवायचे. "वा आजी! घरचं ते घरचंच!" मला त्या जिभांची किळस यायची. ती खाली बघायची. दुकान बंद झालं की तीन-तीनदा हात धुवायची.

काल टपालवाला आला. मधले काही महिने त्याच्याकडे दुसरा भाग होता, नोकरीतली शेवटची फेरी मात्र आमच्याकडची होती. त्यानं एक स्कोन उलटा केला, मग दुसरा, मग सगळेच. बुडं सपाट.

"मावशी, खळीवाला कुठंय?"

"ट्रे बदलला, काका," मुलगा घाईनं म्हणाला.

"मग हा कोण?" टपालवाल्यानं माझ्या पोच्यात अंगठा घातला. अंगठा चिकटला. नाक मुरडून त्यानं तो पँटला पुसला आणि तिच्याकडे बघितलं. "मावशी?"

मागे तीन गिऱ्हाइकं उभी होती. मुलगा डोळे वटारत होता. तिनं दोन्ही हात ॲप्रनला पुसले, सावकाश, एकेक बोट.

"मी नाही केले रे. कारखान्यातून येतात. हातावर होता तो नुसता मैदा."

गिऱ्हाइकांनी पुडे तिथेच ठेवले आणि निघून गेली. मुलगा कपाळाला हात लावून म्हणाला, "झालं समाधान? आता उद्या विकायचं काय?"

"स्कोन," ती म्हणाली. "तू मळायचं. मी सांगते."

आज सकाळी तिनं मला कढत पाण्यात बुडवून सुरीनं खरवडलं. पाणी काळं झालं. "शी शी! ह्यावर मांडून लोकांना खायला घातलं आपण?" नाकाला पदर लावून ती खरवडतच राहिली. मुलगा खाली मान घालून पीठ मळत होता. "बास," ती म्हणाली, "दगड करतोस का?" पाटीही तिनंच उतरवली.

आता मी ओव्हनमध्ये तापतोय. अंगावर बारा वेडेवाकडे गोळे आहेत, एक पोच्यावर. पहिला घाणा कडकच होणार. तरी बाहेरच्या स्टुलावर टपालवाला रिकाम्या हातांनी वाट बघतोय.

तुमच्या घरात माझ्यासारखं जुनं कुणी असेल, तर त्याला काम द्या, नाहीतर सरळ भंगारात घाला. पीठ फासून शोभेला मात्र बसवू नका. आणि आता ओव्हनचं दार लावून घ्या बघू, ऊब चाललीय.