अंगठ्याखालची कॅसेट

मी कॅसेट बोलतेय. गाण्यांची नव्हे. मी व्हिडिओ गेमची कॅसेट: राखाडी अंगाची, तळहाताएवढी, पाठीवर अर्धवट सोलपटलेलं चित्र. सध्या एका टेबलावर कॉम्प्युटरच्या शेजारी पडून आहे. माझं काम तोच करतो, त्यामुळे मला बोलायला वेळच वेळ आहे.

कारखान्यात माझ्या पोटात दोन वस्तू बसवल्या गेल्या. एक खेळ आणि एक शर्टाच्या बटणाएवढी बॅटरी. खेळ कायमचा. पण खेळणाऱ्याने कुठवर मजल मारली ही नोंद त्या बॅटरीच्या जिवावर. बॅटरी काढली की नोंद पुसली जाते. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

माझा खेळ सोपा नव्हता. हातात दिवा घेतलेला एक बुटका गडी. त्याने सात मनोरे चढायचे आणि प्रत्येकाच्या टोकावरचा दिवा लावायचा. वाटेत वटवाघळं, निसटत्या पायऱ्या, आणि सातव्या मनोऱ्यावर एक अवाढव्य घुबड, जे पंख झटकून हातातला दिवा विझवतं. मनोरा पूर्ण झाल्याशिवाय नोंद होत नसे. सातव्याला दीड तास लागायचा. मध्येच मेलात की पुन्हा पहिली पायरी.

मी ज्या घरात आले तिथे दोन भावंडं होती. ताई तेरा वर्षांची, धाकटा अकराचा. धाकट्याला आता टक्कल पडलंय, पण घरात तो अजून धाकटाच आहे, म्हणून मीही तसंच म्हणते. खेळात नाव लिहायच्या जागी त्याने स्वतःला ‘राजा’ म्हणवून घेतलं. ताईचे केस कायम विस्कटलेले, म्हणून तो तिला झिपरी म्हणून चिडवायचा. ती चिडली नाही. तिने तेच नाव लिहिलं.

मी सुरू झाले नाही की दोघंही माझ्या तोंडात फुंकर मारत. घरी आलेला पाहुणासुद्धा विचारी, “फुंकलीस का?” जसं काही मी चूल आहे. फुंकरीने काहीही होत नाही. झालंच तर माझ्या सोनेरी दातांवर थुंकी बसते आणि ते काळे पडतात. मी सुरू होत असे ती मला काढून पुन्हा नीट बसवल्यामुळे. पण नाव व्हायचं फुंकरीचं. काम एकाचं आणि मिरवणार भलताच, ही या घरची रीत मला तेव्हाच कळायला हवी होती.

मग एकदा मी कपाटावरून फरशीवर पडले. कोपऱ्याला चीर गेली आणि तेव्हापासून माझं एक दुखणं झालं. डाव्या कोपऱ्यावर कोणी अंगठा दाबून धरला तरच चित्र स्थिर राही. अंगठा सुटला की चित्र थरथरे, गडी हवेत लटके, आणि सगळं गोठे. म्हणजे आता एकाने खेळायचं आणि दुसऱ्याने अंगठा धरायचा. यावरून रोज भांडण. “माझी पाळी!” “तू आत्ताच खेळलास!” “आई, ही बघ, मुद्दाम अंगठा सोडते!”

एका सुट्टीच्या दुपारी सातव्या मनोऱ्यावरचा दिवा लागला. घरात ही दोघंच होती. एकाच्या हातात रिमोट होता, एकाचा अंगठा माझ्यावर. माझ्या पोटात नोंद झाली.

पुढे भावंडांना मिसरूड, पुस्तकं, नोकऱ्या वगैरे फुटलं आणि मी माळ्यावरच्या खोक्यात गेले. खोक्यात मी गप्प होते. बाहेर माझी गोष्ट मात्र वाढत होती.

धाकटा आता लोकांना गाडी चालवायला शिकवतो. स्टिअरिंग दुसऱ्याच्या हातात, आणि याच्या पायाखाली एक जादा ब्रेक. दिवसभर जीव मुठीत धरून बसायचं काम. शिकणारा चढावर घाबरला की हा सांगे, “अहो, अकराव्या वर्षी मी एकट्याने सातवा मनोरा सर केलाय, आणि तुम्हाला हा पूल चढवत नाही?” शिकणाऱ्याला मनोरा कळत नसे, पण पाय क्लचवर अडकलेला असल्याने तो मान डोलावी. लग्नाआधी बायकोला ऐकवलं. सासऱ्यांना ऐकवलं. दुधवाल्याला ऐकवलं. आधी घुबड होतं, मग आगीचं घुबड झालं. मुद्दाम थापा मारत नव्हता बिचारा. इतक्या वेळा सांगून त्याला ते खरंच वाटू लागलं होतं. अशा माणसाला खोटारडाही म्हणता येत नाही, हीच तर पंचाईत.

मागच्या महिन्यात तो पाहुण्यांना हेच सांगत असताना ताईचा फोन आला. फोन स्पीकरवर.

“कोणी सर केला म्हणालास?”

“मी.”

“तू? तुझा राजा तिसऱ्या मनोऱ्यावर हौदात पडून मरायचा. रोज.”

“ताई, वय झालंय तुझं. विसरायला लागलीस.”

“कॅसेट आहे ना अजून? मग लाव आणि दाखव. पुढच्या महिन्यात पहिल्या रविवारी येतेय मी. जो खोटा ठरेल त्याने घरच्या ग्रुपवर स्वतःच्या हाताने लिहायचं, ‘मी सत्तावीस वर्षं थापा मारल्या.’ बोल, आहे कबूल?”

पाहुणे बघत होते. “कबूल!” धाकटा म्हणाला. घरच्या ग्रुपवर त्रेचाळीस माणसं आहेत.

मला ज्या यंत्रात खोचत ते केव्हाच भंगारात गेलं होतं. म्हणून एम्युलेटर. एम्युलेटर म्हणजे कॉम्प्युटरला जुन्या यंत्राचं सोंग घ्यायला लावायचं. एवढ्या ताकदीच्या यंत्राने मंद व्हायचं, मोजकेच रंग दाखवायचे, मुद्दाम बावळट वागायचं. हुशार माणसं साहेबासमोर रोज करतात तेच. यात नवल ते काय?

पण धाकट्याने याचा यज्ञ मांडला. तीन आठवडे! जेवणाच्या टेबलावर वायरी पसरल्या. चाचणीसाठी त्याने इंटरनेटवरून माझ्याच खेळाची कोरी नक्कल उतरवली होती. उडीचं बटण दाबलं की गडी उडी मारायच्या ऐवजी सगळा खेळच बंद पडे. आवाज तळणीतून आल्यासारखा यायचा. तेवढं जमल्यावर त्याने स्वच्छ, सुरेख चित्र मुद्दाम खराब करायला घेतलं. जुन्या टीव्हीसारख्या आडव्या रेषा हव्यात, कडा गोल हव्यात, रंग जरा विटके हवेत. ज्या रेषा जाव्यात म्हणून याचे वडील टीव्हीला थपडा मारत, त्या रेषा परत आणायला हा चार दिवस बसला.

“धूसरच हवंय ना?” वहिनी म्हणाली. वहिनी म्हणजे त्याची बायको. ताईच्या नात्याने मीही तिला वहिनीच म्हणते. “मग चष्मा काढून बघ. तीन आठवडे तरी वाचतील.”

“तुला नाही कळायचं. त्या काळाची मजा त्या रेषांत आहे.”

“बरं. आणि खेळणार कधी?”

“आधी सेटिंग तर नीट होऊ दे!”

सेटिंगच्या पानावर पन्नासेक चौकटी होत्या. धाकट्याने एकही न वाचता सगळ्यांत खुणा केल्या. ‘जास्त असलेलं बरं,’ म्हणाला. गाडी शिकवताना मात्र हाच माणूस आरसा तीनदा बघायला लावतो.

मग मला खोचायची एक डबी टपालाने आली. कॅसेटमधला खेळ आणि नोंद दोन्ही कॉम्प्युटरवर उतरवून घेणारी. डबीला मी सापडेचना. त्याने काय केलं असेल? बरोबर. फुंकर मारली. उपयोग शून्य. मग त्याचा अंगठा आपोआप माझ्या डाव्या कोपऱ्यावर गेला आणि दाबला गेला. डबीने मला घडाघडा वाचलं. धाकटा स्वतःच्या अंगठ्याकडे जरा चमकून बघत राहिला. मग झटकून टाकलं.

खेळ सुरू झाला. रेषा, गोल कडा, विटके रंग, सगळं मनासारखं. नोंदींची यादी आली.

राजा: दोन दिवे.

झिपरी: सात दिवे.

बाहेर कोणीतरी गाडी मागे घेत होतं, तिची पिपाणी वाजून बंद झाली तरी हा हलला नाही. मला वाटलं, आता उठेल, ताईला फोन करेल, हसेल. मला माणसं अजून कळलेली नाहीत.

त्याने खेळ बंद केला. कॉम्प्युटरवर उतरवलेली नोंद शोधून पुसली. मग स्क्रू ड्रायव्हर घेऊन माझ्याकडे वळला.

“काय करतोस?” वहिनीने विचारलं.

“बॅटरी जुनी झालीय. बदलतो. काळजी घ्यायला हवी ना.”

आणि त्याने काळजी घेतली. पोट उघडलं, बॅटरी उपटली, नवी डकवली. सत्तावीस वर्षं उराशी धरून ठेवलेली ती दुपार एका क्षणात गेली. तुम्ही म्हणाल, नोंद पुसली तर हे सगळं सांगतंय कोण? नोंद वेगळी, आठवण वेगळी. आठवण पुसायला स्क्रू ड्रायव्हर चालत नाही, नाहीतर धाकट्याने स्वतःलाच उघडलं असतं.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. ताई आली. ती दातांची डॉक्टर आहे. लोकांना आ करायला लावून आत काय दडलंय ते बघणं हा तिचा धंदाच. पाणी प्यायली, पेला ठेवला आणि म्हणाली, “दाखव.”

“अगं ताई, जरा घोळ झाला. बॅटरी बदलली आणि सगळं पुसलंच गेलं बघ.”

ताईने मला उचललं. माझे ताजे ओरखडलेले स्क्रू पाहिले.

“सत्तावीस वर्षं चालली, आणि मी यायच्या आदल्या दिवशीच जुनी झाली?”

“योगायोग गं.”

“हो ना. माझे पेशंटही हेच सांगतात. दात म्हणे आपोआपच तुटला.”

“बरं, नोंद नाही तर नाही,” वहिनी मध्ये पडली. “निदान खेळ तरी बघू दे ताईंना. तीन आठवडे मी ताट मांडीवर घेऊन जेवतेय.” आणि धाकटा “थांब, थांब” म्हणेपर्यंत तिने एम्युलेटर उघडलासुद्धा.

त्या पन्नास चौकटींतली एक अशी होती: ‘खेळ बंद करताना जिथे होतात ते आपोआप साठव, आणि उघडल्यावर तिथूनच दाखव.’ धाकट्याने स्वतःच्या हाताने खूण केली होती. जास्त असलेलं बरं.

पडद्यावर रेषा उमटल्या. कडा गोल झाल्या. यादी आली.

“झिपरी कोण?” वहिनीने विचारलं.

ताई इतकी हसली की तिला खुर्ची धरावी लागली. धाकट्याच्या टकलापर्यंत लाली चढली. त्याने फोन काढला, ग्रुप उघडला आणि लिहायला लागला. ‘मी सत्तावीस वर्षं...’

“थांब.” ताईने फोन काढून घेतला. “आणि अंगठा?”

“कसला अंगठा?”

“अरे, मी दीड तास खेळत होते तेव्हा कॅसेट कोणी धरली होती? वहिनी, हा बसला होता जमिनीवर, हात असा वर करून. नाकावर माशी बसली तरी हलला नाही. घुबड पडलं तेव्हा मी नाचायला लागले, आणि हा तसाच. म्हणाला, ‘आधी नोंद होऊ दे.’ नख पांढरंफटक पडलं होतं याचं. नंतर दोन दिवस चमचा धरता येत नव्हता.”

“मला नाही आठवत,” धाकटा पुटपुटला.

“हे का नाही सांगितलंस कधी कोणाला?”

“यात सांगण्यासारखं काय आहे?”

ऐकलंत? आगीचं घुबड सांगण्यासारखं, आणि हे नाही. दुसऱ्याच्या हातात स्टिअरिंग देऊन स्वतः ब्रेकवर पाय ठेवून बसणं हाच ज्याचा धंदा, त्यालाही हे सांगण्यासारखं वाटत नाही. माणसाच्या पोटात कारखान्याने काय बसवलंय, देव जाणे.

“कबुली द्यायचीच आहे,” ताईने फोन परत दिला, “पण पूर्ण दे.”

त्याने लिहिलं: ‘सातवा मनोरा ताईने सर केला. मी थापा मारल्या. मी फक्त कॅसेटवर अंगठा धरला होता.’ ताईने ‘फक्त’ खोडायला लावलं. उत्तरादाखल एकवीस माणसांनी अंगठ्याचंच चित्र पाठवलं. त्यांनी मजकूर वाचला असेल असं मला वाटत नाही.

आता दुपार आहे. ताई सातवा मनोरा पुन्हा चढतेय, “हातची सवय गेली रे” म्हणत. वहिनी पायऱ्या मोजतेय. मला आता माळ्यावर ठेवा, कपाटात ठेवा, काही हरकत नाही. दोनच मागण्या आहेत. पुन्हा फुंकर मारू नका. आणि काळजी घेतो म्हणणाऱ्याच्या हातात स्क्रू ड्रायव्हर देऊ नका.

घुबड आलंय. ताई पुढे सरसावली. धाकट्याचा हात टेबलावरून सरकत माझ्यापाशी आला आणि अंगठा माझ्या डाव्या कोपऱ्यावर बसला.

“अरे, ती कशाला जोडलेलीच नाही,” वहिनी म्हणाली.

“असू दे,” तो म्हणाला. “तू बोलू नकोस, ताई घाबरेल.”

त्याचं नख पांढरं पडत चाललंय.