डेगेला तराजूचं भय

मी डेग बोलतेय. तांब्याची, जाड बुडाची, दोन माणसांशिवाय न हलणारी. धामणगाव बढे इथं मला घाबरलेलं कोणी पाहिलं नसेल. आज मात्र मी घाबरले आहे, ते लपवून उपयोग नाही.

गुलाम रसूलनं मला विकत घेतलं तेव्हा तो ऐन उमेदीत होता. लग्नाकार्यात माझ्यात बिर्याणी शिजवायचा. लोक आधी माझ्या झाकणाकडे पाहत, मग नवरदेवाकडे. त्याची बायको खैरुन्निसा मला राखेनं घासायची, कल्हई करून घ्यायची.

तांदूळ-तूप भगवानरावांच्या दुकानातून उधार यायचं. गुलाम रसूल आजारी पडला, उधारी थकली, तो गेला आणि प्रकरण कोर्टात पोचलं. कोर्टानं खैरुन्निसाला हप्ते बांधून दिले. ते मोताळ्याच्या कोर्टातच भरायचे. चुकले तर नवऱ्यामागं राहिलेली वस्तू जप्त. वस्तू म्हणजे मीच, दुसरं होतं काय?

ती मला भाड्यानं देऊ लागली. परक्या चुलींवर चढून मी करपले, पण हप्ते फिटत होते. परत आणताना लोक माझ्यात मूठभर तांदूळ टाकत. भांडं रिकामं धाडू नये, अशी इकडची रीत आहे.

एकदा भगवानराव दारात थांबले. "भाभी, मोताळ्याले कायले हेलपाटे घालता? तुमची रोजी बुडते. मह्याच हाती देत जा."

माणूस भला होता. ती देत गेली. पावतीचं तिच्या ओठांवर आलं होतं, पण ओळखीच्या माणसाला पावती मागणं म्हणजे त्याला तोंडावर चोर म्हणणं. ती तशीच पैसे मोजून देत राहिली.

मग भगवानराव अचानक वारले. त्यांच्या मुलानं, राजकुमारनं, कोर्टात चौकशी केली, तर भरणा थांबलेला. बेलीफ येऊन माझ्या पोटावर खडूनं आकडा टाकून गेला. मागोमाग भंगारवाला आला, त्यानं मला बोटानं वाजवून पाहिलं. "तांबं चांगलं जाड हाय," म्हणाला. आगीला मी कधी भ्याले नाही. तराजूला भिते. तराजूनंतर मला कोणी डेग म्हणणार नाही, आणि खैरुन्निसाची चूलही माझ्याच भाड्यावर पेटते.

आज भगवानरावांच्या पत्नी रुखमाबाई आल्या.

"वहिनी, भाऊ पैशाचं काही बोलले होते का?" खैरुन्निसानं भीत भीत विचारलं.

"हाव. मह्याच हातात आणून देत होते."

"मंग राजकुमारले सांगा ना."

"सांगतलं. तो म्हणे, माय, तू गप राय. कागदावर नाही ते नाही."

"उद्या तारीख आहे. कोर्टात सांगसान?"

रुखमाबाई उठल्या, पदराची गाठ सोडली आणि माझ्यात मूठभर तांदूळ टाकून निघून गेल्या.

रुखमाबाई, भांडं धाडताना तांदूळ टाकायची रीत मलाही ठाऊक आहे. तुम्ही मला धाडूनच दिलंत. हे तांदूळ परत घ्या आणि उद्या मोताळ्याला या. पैसे मिळाले होते, एवढंच बोला.