एका पेपरमिंटची मुदत

आमच्या डच खेड्यातल्या चर्चमध्ये प्रवचनाचे तीन भाग असतात आणि प्रत्येक भागाच्या आरंभी बाकांवरून पेपरमिंटची पुडी फिरते; गोळी विरघळेस्तोवर तो भाग संपतो. बाबा चाळीस वर्षं पाळक होते, मी ऑर्गन वाजवायचो. माझी थोरली बहीण योझिना याच मापाने हिल्व्हरसममध्ये, टीव्हीवाल्यांच्या शहरात, मालिका लिहायची. "गोळी विरघळली की जाहिरात," ती हसून सांगे. पण पंचवीस वर्षांत तिचं एक अक्षर बाबांच्या कानी पडलं नव्हतं. टीव्ही आमच्या घरात पापच.

मार्चमधल्या एका बुधवारी ती दुपारच्या बसने आली, ती रडतच. बाबांवर लिहिलेल्या तिच्या पहिल्या चित्रपटाची सातवी संहिताही निर्मात्याने परत केली होती.

"म्हणतो, बापलेकीच्या भांडणात तुम्ही काहीतरी लपवताय. शुक्रवारपर्यंत सुधारलं नाही तर चित्रपट बंद. क्राइन, छप्पन्न वर्षांची झाले रे. मालिकेतूनही काढलंय. आता कोण उभं करणार मला?"

"मग बदल की."

"हातच चालत नाही!"

बाबा खिडकीशी खाटेवर होते. जेमतेम ईस्टरपर्यंत टिकतील, असं डॉक्टर म्हणाले होते. ती तडक त्यांच्यापाशी गेली.

"बाबा, एकच प्रसंग ऐका."

"रचलेलं मी ऐकत नाही. ठाऊक आहे तुला."

"रचलेलं नाही. तुमचं-माझंच आहे."

बाबांनी तळहात उघडला. आई गेल्यापासून त्या हातावर कुणी पेपरमिंट ठेवली नव्हती. योझिनाने ठेवली.

"ही विरघळेपर्यंत."

ती वाचू लागली. एकोणिसाव्या वर्षी तिने घर सोडलं, तो रविवार. संहितेतले बाबा दार उघडतात आणि म्हणतात, जा पोरी, देव तुझ्याबरोबर आहे.

"खोटं," बाबा म्हणाले. "मी मारलं होतं तुला. कानाखाली. डूल तुटून पडला होता. आणि अर्ध्या तासाने मी प्रीतीवर प्रवचन केलं, ह्यानं ऑर्गन वाजवला."

मी मान खाली घातली.

"लोकांपुढे तुम्हाला तसं कसं उभं करू, बाबा?"

"माझं देव बघेल. माझ्यावर पांघरूण घालतेस आणि स्वतः उघड्यावर मरतेस, वेडे! लिही."

"नाही जमत."

"दुसरी गोळी दे. ही संपायच्या आत लिही."

ती हुंदके देत लिहीत राहिली. झाल्यावर मी तिसरी गोळी बाबांपुढे धरली.

"ती तिला दे," ते म्हणाले.

गोळी तोंडात ठेवूनच तिने पानं पाठवली.

शुक्रवारी होकार आला, तेव्हा बाबा शुद्धीवर नव्हते. योझिना त्यांच्या कानाशी वाकून तोच प्रसंग वाचत होती. डूल तुटेपर्यंत यायची, अडखळायची, पुन्हा पहिल्यापासून. मी शेजारी बसून स्तोत्र गात राहिलो, आमच्याकडे गातात तसं संथ, एकेका स्वराला एकेक श्वास.