छापील काकू

रेघोट्या ओढून कुणाचं पोट भरतं का, असं ज्याला घरचे उठता-बसता ऐकवत, त्याचं पोट शेवटी रेघोट्यांनीच भरलं. वर्तमानपत्रात तो लागला होता शब्दकोड्याच्या चौकटी आखायला. एकदा ऐनवेळी एक जाहिरात रद्द झाली, पानाच्या तळाशी जागा उघडी पडली. संपादक म्हणाले, "काहीतरी काढ रे, पण हसू आलं पाहिजे."

त्याचं नुकतंच लग्न झालं होतं आणि सासूबाई त्यांच्याकडेच राहायला आल्या होत्या. आदल्या दिवशी चुकून लागलेल्या फोनवर त्या अर्धा तास बोलल्या आणि ठेवताना त्या अनोळखी माणसाला "खोकला आहे तुम्हाला, मफलर घेतल्याशिवाय बाहेर पडू नका" असं दटावलं. त्याने तेच तीन चौकटींत काढलं. घरात ठिणगी नको, म्हणून बाईंना नाव दिलं 'काकू'.

लोकांना काकू भलत्याच आवडल्या. जागा कायमची मिळाली. पण त्याची सख्खी काकू पलीकडच्याच गल्लीत राहायची. तिने भाजीवाल्यापासून दातांच्या डॉक्टरपर्यंत सगळ्यांना सांगून टाकलं, "ती मीच बरं का!" याला 'नाही' म्हणवेना.

इकडे सासूबाई रोज सकाळी पेपर उघडून डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसायच्या. "जावईबापू, तुमच्या काकू म्हणजे अगदी वल्ली हो!" हा मान खाली घालून चहा पीत राहायचा, आणि बायको हसू दाबत आत पळायची.

अशी बरीच वर्षं गेली. मग कचेरीने त्याचा सत्कार ठेवला. संपादकांनी व्यासपीठावरून विचारलं, "खऱ्या काकू आल्यात का?" काकू अशा झोकात उठली की टाळ्यांचा कडकडाट झाला. तिला फुलं मिळाली. याला घाम फुटला. पहिल्या रांगेत सासूबाईच सगळ्यांत जोरात टाळ्या वाजवत होत्या.

घरी परतताना टॅक्सीत त्या म्हणाल्या, "काकूंना फुलं शोभली."

"आई, मला तुम्हाला काही सांगायचंय..."

"माझं बोलणं मला ओळखू येत नाही होय? पहिल्याच दिवशी कळलं."

"मग बोलला का नाहीत?"

"बोलले असते तर तुम्ही मला जपून काढलं असतं. मग कसलं हसू येतंय!"

बायको खिडकीकडे तोंड करून हसत होती. त्यालाही हसू आवरेना, इतकं हलकं त्याला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

दुसऱ्या दिवसापासून शाई फिरवण्याआधी तो पेन्सिलचं चित्र सासूबाईंसमोर ठेवू लागला. त्या काकूंच्या तोंडच्या फुग्यातल्या शब्दांवर बोट ठेवायच्या. "मी 'बरं' म्हणेन? मी 'बघू' म्हणेन." तो निमूटपणे खोडून 'बघू' लिहायचा, आणि खरंच तेच जास्त रंगायचं.

काकूचीही फर्माईश आली, "अरे, हनुवटी एकच काढ. मी हल्ली बारीक झालेय."

"काढा," सासूबाई म्हणाल्या. "हनुवटी त्यांची, जीभ माझी."

पुढे संपादक बदलले, कागद आखूड झाला, तीन चौकटींच्या दोन झाल्या. काकू टिकल्या. दोन चौकटींवर सासूबाई मात्र अजून नाराज आहेत; तेवढ्यात त्यांचं बोलणं मावत नाही.