निजलेली जीभ

“हसू नका हं,” पानावरून भिंग सरकवत साहेब म्हणाले. “इथं लिहिलंय, मुक्याची जीभ मुकी नसते, निजलेली असते. पहाटे त्याच्या कानाला ओठ लावायचे आणि पोटातून हुंकार द्यायचा. जीभ जागी होते म्हणे.”

दुरुस्तीच्या खोलीतले सगळे हसले. तीही हसली. समोर नादाच्या शक्तीवरची ती जुनीपुराणी पोथी पडली होती, वाळवीने अर्धी फस्त केलेली. कोणत्या सुराने पाऊस येतो, कोणत्या सुराने दगडाला तडा जातो, सगळं त्यात होतं. फाटक्या पानांना खळ लावून पातळ कागदाचा आधार द्यायचा, हे तिचं काम. ग्रंथालयात तिला सगळे खळताईच म्हणत.

“वाळवी घालवायचा सूर नाही का दिला, साहेब?”

“दिला असेल. ते पान वाळवीनंच खाल्लं.”

संध्याकाळी कपड्यांच्या घड्या घालताना तिने तो किस्सा सासूबाईंना सांगितला, गंमत म्हणून. सासूबाई हसल्या नाहीत. त्यांनी कोपऱ्यात खेळणाऱ्या नातीकडे, बबडीकडे पाहिलं. बबडीला दोन वर्षं होऊन गेली होती आणि तोंडातून एक शब्द फुटला नव्हता. येत्या आठवड्यात कान तपासायला न्यायचं ठरलं होतं.

“मग करून बघ की. कुठं टोचायचंय तिला? तुझा नवराही उशिराच बोलला. आता गप्प बस म्हणावं लागतं.”

“आई, मी शिकलेली आहे हो.”

“शिकलीस म्हणून ओठ झिजणारेत का?”

दुसऱ्या दिवशी पहाटे, कुणी बघत नाही ना याची खात्री करून, तिने बबडीच्या कानाला ओठ लावले. बबडीने खांदा कानाशी नेला आणि खुदकन हसली. दुसऱ्या कानाशीही तेच. पाठमोरी बसली असताना मागून जाऊन केलं, तरी हसली. तिच्या छातीवरचा धोंडा उतरला. पोरीला ऐकू येतंय. मग ते तपासायचं कशाला? दहा वाजता तिने दवाखान्यात फोन करून वेळ रद्द केली. पोथीवर तिचा विश्वास नव्हताच. पण तपासणीच्या विचाराने तिला झोप लागत नव्हती, आणि त्या रात्री ती गाढ झोपली.

मग हुंकार रोजचाच झाला. उन्हाळा गेला, हिवाळा आला. पोथीची पानं एकेक करून धड झाली.

एके दिवशी पाळणाघर बंद होतं म्हणून तिने बबडीला कामावर नेलं. बबडी टेबलाशेजारी कागदाच्या पट्ट्या लावत बसली. पुस्तकं दाबायची लोखंडी पाटी शिपायाच्या हातून निसटली आणि बबडीच्या पाठीमागे फरशीवर आदळली. साहेब खुर्चीतून उठले. शिपायाने कानांवर हात ठेवले. बबडीने पट्टी सरळ केली आणि दुसरी उचलली.

साहेब चष्मा काढून पुसत राहिले.

कान तपासणारी बाई तिच्यापेक्षा वयाने लहान होती. कागदावरची रेघ दाखवून म्हणाली, “दोन्ही कानांना जवळजवळ काहीच ऐकू येत नाहीये.”

“पण ती हसते ना. कानात हुंकार दिला की रोज हसते.”

“दाखवा बरं.”

तिने दाखवलं. बबडी हसली. मग ती बाई वाकली, बबडीच्या दुसऱ्या कानाशी ओठ नेले आणि हलकेच फुंकर घातली. बबडी तश्शीच हसली, खांदा वर करून.

“मी आवाज केला नाही,” बाई म्हणाली. मग कागदांकडे बघत, “लवकर आणायला हवं होतं. कानाला यंत्र बसवू, पण या वयात एकेक महिना मोलाचा असतो. आधी कधी नाही तपासलं?”

“वेळ घेतली होती.”

“मग?”

ती बबडीच्या स्वेटरची बटणं लावू लागली. वरचं खाली लागलं. पुन्हा सगळी सोडली.

घरी तिने सांगितलं तेव्हा नवरा भिंतीकडे बघत बसला. सासूबाई म्हणाल्या, “त्यांच्या तपासायच्या यंत्राला काय कळतंय? हसते की ती. मी माझ्या डोळ्यांनी बघते.” तिने वाद घातला नाही. वाद घालायचा तर तो फोन कुणी केला होता, तेही बोलावं लागलं असतं.

पहाटे ती छताकडे बघत पडून राहिली. आज नाहीच करायचं, असं ठरवलं होतं. बबडी उठली, अंथरुणावरून सरकत आली, कान तिच्या ओठांना टेकवला आणि वाट बघत थांबली. तिने श्वास रोखून धरला. बराच वेळ. बबडी हलली नाही. शेवटी तिने फुंकर घातली, नुसती.

बबडी खिदळली.

“हसली बघ,” पलीकडच्या खोलीतून सासूबाई म्हणाल्या. “सोडू नकोस हं आता.”

बबडीने दुसरा कान पुढे केला.